आळणीतले शेंगोळे

शेंगोळे पाहुण्यांना वाढत नाहीत. पाहुणा आला की पुरण शिजतं, नाहीतर कोंबडी पडते. शेंगोळे घरच्यांचे. हुलग्याच्या पिठाची करंगळीहून बारीक वळी वळायची, दोन्ही टोकं जुळवून तिचं कडं करायचं आणि अशी पन्नास-साठ कडी लसणाच्या फोडणीच्या उकळत्या पाण्यात सोडून द्यायची. पाणी आटतं, दाट होतं, रंग मातकट होतो. ताटात पडलेलं हे कालवण दिसायला कुणाला भुलवणार नाही, पण पाऊस लागून राहिला किंवा थंडी हाडांत शिरली की घरातलं कुणीतरी त्याची आठवण काढतंच.

नाशिक, नगर आणि पुण्याचा जुन्नरकडचा भाग हा शेंगोळ्यांचा मुख्य मुलूख. त्यातलं सायखेडा हे गाव या पदार्थाची कुळकथा सांगायला सोयीचं आहे. निफाड तालुक्यात गोदावरीच्या एका काठाला चांदोरी, समोरच्या काठाला सायखेडा आणि मधे पूल. इथले लोक गोदावरीला गंगाच म्हणतात, म्हणून हा पट्टा गंगाथडी. थोडं खाली नांदूरमध्यमेश्वरला कादवा गोदावरीला मिळते. गावात पिंपळगाव बसवंत बाजार समितीचा उपबाजार आहे, तिथे कांद्याचे लिलाव होतात. शिवारात द्राक्षबागा, ऊस, गहू. या हिरव्या शिवारात हुलगा शोधूनही सापडायचा नाही. सिन्नरच्या बाजूला वळलं, जमीन चढू लागली, काळी माती संपून मुरूम लागला की मग हुलग्याचा प्रदेश येतो. गंगाथडीच्या स्वयंपाकघरात हुलगा माळावरून येतो. नदीचं गाव आणि कोरडवाहू माळ यांच्या शेजारातून हा पदार्थ इथे टिकला.

शेंगोळे बहुतेक घरी बिनमांसाचे होतात. आमच्याकडे मात्र गावरान कोंबडी शिजली की तिच्या आळणीत शेंगोळे सोडायची चाल आहे. आळणी म्हणजे हळद, मीठ, आलं-लसूण एवढ्यावर शिजवलेल्या कोंबडीचं किंवा मटणाचं पातळ पाणी. त्यात वाटण पडलेलं नसतं, तर्री आलेली नसते. हीच आळणी वाटीभर काढून लहान मुलांना, बाळंतिणीला, तापातून उठलेल्याला देतात आणि उरलेल्या पातेल्यात कांदा-खोबऱ्याचं वाटण जाऊन झणझणीत रस्सा होतो. रस्सा करण्याऐवजी त्या टप्प्यावर थांबून शेंगोळे सोडले तर तयार होतं ते कोंबडीचं हलकं, पोटभर कालवण. हल्ली तेल कमी, खोबरं कमी असं डॉक्टरांनी सांगितलं की लोक अशा पदार्थाच्या शोधात निघतात आणि त्याला नवा आहार समजतात. या पातेल्याचा वंश पाहिला तर उलटंच दिसतं. त्यातला हलकेपणा सगळ्यांत जुना आहे आणि जडपणा अलीकडचा.

जुन्या पांढरीच्या टेकाडात उत्खननाचा चर खणला की खालच्या थरात एक काळ, वरच्या थरात दुसरा काळ दिसतो. शेंगोळ्यांच्या पातेल्याचंही तसंच आहे. त्यातल्या प्रत्येक जिनसाचं वय वेगळं, म्हणून तळापासून वर यायला हवं.

तळाला हुलगा. 1950-51 मध्ये ह. धी. सांकलिया आणि शां. भा. देव यांनी डेक्कन कॉलेजतर्फे नाशिकच्या जुन्या गढीवर आणि संगमनेरजवळ प्रवरेकाठच्या जोर्वे गावी उत्खनन केलं. लाल मातीवर काळी नक्षी असलेली, लांब तोटीची भांडी वापरणाऱ्या शेतकऱ्यांच्या संस्कृतीला त्या गावावरून जोर्वे हे नाव पडलं. इसवी सनापूर्वी सुमारे 1400 ते 700 हा तिचा काळ. पुढे प्रवरेकाठीच दायमाबाद आणि घोडनदीकाठी इनामगाव ही तिची मोठी ठाणी उजेडात आली. इनामगावला 1968 पासून जवळजवळ दीड दशक खोदकाम चाललं आणि तिथल्या राखेतून वेचलेल्या जळक्या दाण्यांतून त्या लोकांचं ताट समजलं. सातू, गहू, मसूर, वाटाणा आणि हुलगा. दायमाबादच्या मातीतही हुलगा निघाला. गोदावरी-प्रवरेच्या या खोऱ्यात मिरची, शेंगदाणा, बटाटा, टोमॅटो यांतलं काहीही नव्हतं, तेव्हा हुलगा घरात होता.

आणि तो बाहेरून आलेला नव्हता. गहू, सातू, मसूर पश्चिम आशियातून आले. ज्वारी, बाजरी आफ्रिकेतून आली. हुलगा भारतातलाच. त्याचे रानटी भाऊबंद इथल्या कोरड्या झुडपी रानात होते आणि दख्खनच्या शेतकऱ्यांनी चार हजार वर्षांपूर्वी तो शेतात आणला. लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजमधल्या शार्लीन मर्फी आणि डोरियन फुलर यांनी 2017 मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात उत्खननातल्या हुलग्याच्या दाण्यांचं टरफल क्ष-किरणांनी, दाणा न फोडता मोजलं. काळ पुढे सरकतो तसं टरफल पातळ होत गेलेलं दिसलं. रानटी दाण्याचं जाड टरफल त्याला जमिनीत झोपवून ठेवतं. सगळे दाणे एकाच पावसाला उगवले आणि मग पाऊस दडला तर वंशच बुडेल, म्हणून ही तजवीज. शेतकऱ्याला ही झोप नको असते. पेरलं की उगवणारं तेच पुन्हा पेरणीला येतं, आणि पिढ्यांमागून पिढ्या पातळ टरफलाचा दाणा उरतो.

तरीही हुलगा हट्टीच राहिला. तुरीसारखी त्याची डाळ सहज निघत नाही, टरफल चिकटून बसतं. अख्खा शिजवायचा तर रात्रभर भिजवा, मग चुलीवर तासन् तास ठेवा. सरपण डोक्यावरून आणणाऱ्या घराला हे परवडत नाही. जात्यावर दळला की ही अडचण सुटते. पीठ दहा-पंधरा मिनिटांत शिजतं. कोकणात त्याची पिठी झाली, म्हणजे भाजून भरडलेल्या कुळथाचं, म्हणजे हुलग्याचंच, पातळ पिठलं. देशावर शेंगोळे झाले. एकाच अडचणीची ही दोन उत्तरं आहेत: कोकणात भातावर ओतायला पातळ काहीतरी हवं होतं, देशावर भाकरीबरोबर किंवा भाकरी नसली तरी चावायला घट्ट काहीतरी हवं होतं.

शेंगोळ्याला कडं कशासाठी? गोळा का नाही? हुलग्याच्या पिठात गव्हासारखा चिकटपणा नसतो. त्याचा मोठा गोळा केला तर बाहेरून मऊ होऊन विरघळायला लागतो तेव्हा आत कोरडं पीठ तसंच असतं. बारीक वळीत उष्णता चटकन मधोमध पोचते. लांब वळी सरळ ठेवली तर डावाने हलवताना तुटते. तिचं कडं केलं की टोकं उघडी राहत नाहीत, आणि मधल्या भोकातून उकळतं पाणी खेळतं. जाडी सगळीकडे सारखी असल्याने सगळी कडी एकाच वेळी शिजतात. पाणी खळखळ उकळत असताना कडं पडलं की वरच्या पिठातला स्टार्च लगेच फुगून घट्ट होतो आणि त्याचं आवरण बनतं. पाणी नुसतं कोमट असेल तर आवरण धरायच्या आधीच पीठ सुटतं आणि शेंगोळ्यांचं पिठलं होतं. म्हणून नव्या सुनेला सासूचं पहिलं सांगणं असतं, ‘अगं, आधण खळखळू दे आधी.’

थोडं पीठ सुटतंच, आणि ते सुटायलाच हवं. त्यानेच पाणी दाटतं. शेंगोळ्यांच्या रश्श्याला खोबरं, शेंगदाणे, तीळ यांतलं काही लागत नाही याचं कारण हे. पोटात जाणारा घास आणि रश्श्याचा दाटपणा दोन्ही त्याच मूठभर पिठातून निघतात.

ही युक्ती एकट्या शेंगोळ्यांची नाही. मराठवाड्यात ज्वारीच्या पिठाचे उकडशेंगोळे होतात. गव्हाच्या लाटलेल्या पोळीचे तुकडे वरणात सोडले की वरणफळं किंवा चकोल्या. हरभऱ्याच्या डाळीचे गोळे आमटीत शिजवले की गोळ्यांची आमटी. गुजरातेत दाळ ढोकळी, राजस्थानात तिचीच बहीण. मांसाच्या रश्श्यातही ही चाल आहे. कच्छ-काठियावाडकडच्या मेमण घरांत मुठिया म्हणजे मटण आणि भाज्यांच्या रश्श्यात शिजवलेले बाजरीच्या पिठाचे मुटके. केरळात सीरियन ख्रिस्ती घरी तांदळाच्या पिठाच्या बारीक गोळ्यांची पिडी कोंबडीच्या कालवणाबरोबर खातात आणि मलबारच्या मापिळा घरांत तांदळाच्या छोट्या पथिऱ्या मांसाच्या रश्श्यातच मुरवतात. दूर अमेरिकेच्या दक्षिण भागात कोंबडीच्या पातळ रश्श्यावर मैद्याचे गोळे सोडून झाकण लावतात. खायचा सोडा आणि बेकिंग पावडर आल्यावर ते गोळे फुगायला लागले. विलायतेतल्या गोळ्यांत गुरांची चरबी पडते, त्यामुळे ते चांगलेच जड. प्रत्येक ठिकाणी हाताशी असलेलं पीठ वेगळं, गरज मात्र एकच: एका कोंबडीत किंवा वाटीभर डाळीत दहा माणसं जेवली पाहिजेत.

दुसरा थर रश्श्याचा. कुलत्थाचं यूष, म्हणजे हुलग्याचं कढण, चरक आणि सुश्रुताच्या संहितांना चांगलं ठाऊक आहे. खोकला, उचकी, दमा यांवर ते हुलगा सांगतात. मुतखड्यावर हुलग्याचं पाणी आजही घरोघरी पाजतात. त्या ग्रंथांनी यूषाचे दोन प्रकार पाडलेत. स्नेह, मीठ आणि तिखट मसाले न घातलेलं ते अकृत. हे तिन्ही घातलेलं ते कृत. अकृत पचायला हलकं. चुलीपाशी उभ्या असलेल्या बाईने आळणीची वाटी आजाऱ्यासाठी आधी काढायची आणि मग पातेल्यात वाटण घालायचं, हा रोजचा व्यवहार त्या विभागणीच्या जवळचाच. सुश्रुताने कोंबड्यातही फरक केलाय. रानकोंबड्याचं आणि गावकोंबड्याचं मांस दोन्ही बळ देणारं, पण गावातलं पचायला जड.

गावकोंबड्याची स्वतःची वंशावळही मजेची आहे. तो मूळचा तांबड्या रानकोंबड्याचा वंशज, आणि माणसाळला तो आग्नेय आशियात. 2022 मध्ये प्रसिद्ध झालेल्या संशोधनात नक्की पाळीव म्हणता येतील अशी सर्वांत जुनी हाडं थायलंडमधल्या बान नॉन वाट इथली ठरली, इसवी सनापूर्वी सुमारे 1650 ते 1250 मधली. धान्याची कोठारं आणि खळी झाली तेव्हा सांडलेल्या दाण्यांमागे रानपक्षी गावाजवळ आले, असा त्या संशोधकांचा कयास. पण आपल्याकडच्या कोंबडीत सह्याद्रीचाही अंश आहे. पाळीव कोंबडीच्या कातडीचा आणि पायांचा पिवळेपणा तांबड्या रानकोंबड्याकडून आलेला नाही. तो देणारा जनुकाचा तुकडा करड्या रानकोंबड्याचा, असं 2008 मध्ये दिसून आलं. आणि करडा रानकोंबडा हा भारतीय द्वीपकल्पाचा, सह्याद्रीच्या जंगलात पहाटे ओरडणारा पक्षी. बाजारात गावरान कोंबडीचे पिवळे पाय बघून पारख करणारे लोक नकळत त्याच नात्याकडे बोट दाखवत असतात.

या पातेल्यातल्या दोन जिनसांना धर्मशास्त्राने दाराबाहेर ठेवलं होतं. मनुस्मृतीच्या पाचव्या अध्यायात द्विजांनी वर्ज्य करायच्या पदार्थांत लसूण आहे आणि गावकोंबडाही आहे. लसणाची फोडणी आणि कोंबडीची आळणी एकत्र येणारं हे कालवण कुणाच्या चुलीवर वाढलं, ते यावरून समजतं. शेतावर राबणाऱ्यांच्या. हुलग्याची पतही तशीच खालची. घोडदळाच्या काळात घोड्यांना तो शिजवून चारत, इंग्रजांनी त्याला घोड्याचं कडधान्य असंच नाव दिलं. मराठ्यांची काटक तट्टं भीमथडी-गंगाथडीच्या कुरणांवर वाढली, त्यांच्या तोबऱ्यात आणि त्यांच्या मालकाच्या ताटात एकच दाणा असे. 1883 च्या नाशिक जिल्ह्याच्या गॅझेटियरमध्येही कुळीथ जिल्ह्याच्या कडधान्यांत नोंदलेला आहे. पाऊस दगा देई आणि बाकीचं करपून जाई तेव्हा हुलगा थोडाफार हाती लागे. म्हणून तो गरिबीचा, दुष्काळाचा म्हणून ओळखला गेला आणि बरे दिवस आल्यावर लोकांनी तोंड फिरवलं.

तिसऱ्या थरात मिरची. ती पोर्तुगिजांबरोबर सोळाव्या शतकात आली आणि हळूहळू मिऱ्या-पिंपळीला मागे सारून देशभर पसरली. म्हणजे आज लालभडक रश्श्याशिवाय कोंबडीची कल्पना करवत नाही, तरी जोर्व्याच्या हुलग्याच्या मानाने मिरचीचं वय फार लहान. शेंगदाणाही दक्षिण अमेरिकेतलाच. त्याची मोठी लागवड आणि घाण्यावरचं त्याचं तेल ही एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापासूनची गोष्ट. सुकं खोबरं किनाऱ्यावरून घाट चढून यायचं, ते माळावरच्या घरात चिमटीने वापरायचं. लग्नकार्यात, जत्रेत शेकडो पानांचा रस्सा दाट करायला नगर-मराठवाड्याकडे खोबऱ्याऐवजी येसर वापरतात, म्हणजे भाजलेली धान्यं, डाळ आणि मसाले एकत्र दळलेली पूड. शेंगोळ्यांची पिठाने दाटवण्याची युक्ती तिथे मोठ्या हंड्यांसाठी वापरलेली दिसते. बोटभर तेलाची तर्री, मूठमूठ खोबरं, वर काजूची पेस्ट हा थाट रोजच्या घरात आला तो तेल, खोबरं स्वस्त झाल्यावर आणि ढाब्यांनी त्याची गोडी लावल्यावर.

चौथा थर पाण्याचा. विसाव्या शतकाच्या पहिल्या दोन दशकांत नांदूरमध्यमेश्वरचा बंधारा, दारणा धरण आणि गोदावरीचे कालवे झाले. ओझरला 1925 मध्ये रावसाहेब जयराम कृष्णा गायकवाड यांनी द्राक्षं लावली. पुढे ऊस आला, कांदा आला. 1947 मध्ये लासलगावची बाजार समिती झाली. पाटपाणी मिळालेल्या जमिनीत हुलगा पेरणं म्हणजे वेडेपणा ठरला आणि तो सिन्नर-येवल्याच्या कोरड्या रानात सरकला. त्याच वेळी गंगाथडीच्या पिठात गहू शिरला. निफाडची हवा गव्हाला मानवते, इथल्या संशोधन केंद्राच्या वाणांना एनआय हीच अक्षरं लागतात आणि एनआय 5439 हा त्यातला शेतकऱ्यांना चांगला माहीत असलेला. शेंगोळ्यांच्या पिठात चिकटपणासाठी मूठभर कणीक घालायची पद्धत याच गव्हाच्या मुलखाला शोभणारी आहे. थंडीही इथली खरी. डिसेंबर 2018 मध्ये निफाडचा पारा 1.8 अंशांवर उतरला होता, तेव्हा द्राक्षांचे मणी तडकू नयेत म्हणून बागांत शेकोट्या पेटल्या. हुलगा उष्ण म्हणून तो थंडी-पावसाचाच, उन्हाळ्यात नको, असा घरोघरचा रिवाज.

सगळ्यांत वरचा थर ‘बॉयलर’ कोंबडीचा. 1971 मध्ये डॉ. बी. व्ही. राव यांनी वेंकटेश्वरा हॅचरीज सुरू केली, आणि पुढच्या काळात पिंजऱ्यातली, शेडमधली कोंबडी महाराष्ट्राच्या रोजच्या बाजारात आली. सहा आठवड्यांत दोन किलोच्या आसपास भरणारा हा पक्षी अर्ध्या तासात शिजतो. गावरान कोंबडीला तास-सव्वा तास लागतो, कारण ती वयाने मोठी आणि हिंडून-फिरून स्नायू घट्ट झालेली असते. त्या तासाभरात तिच्या सांध्यांतला, कातडीतला चिकट अंश पाण्यात उतरतो. ओठांना किंचित चिकटणारी आळणी त्यातून होते. बॉयलरचं पाणी पातळच राहतं. मग चव भरून काढायला तेल आणि मसाला वाढत जातो. रस्सा जड होण्याचं हेही एक कारण.

आता कृती. हे थर माहीत असले की कुठला ठेवायचा आणि कुठला उतरवायचा ते आपोआप ठरतं.

हुलगे आधी निवडायचे. त्यांच्यात त्यांच्याच रंगाचे खडे असतात, ते सुपात पाखडूनही राहतात, म्हणून ताटात पसरून बोटांनी बघायचं. मग तव्यावर मंद आचेवर जरासे भाजायचे; कच्चट वास गेला की उतरवायचे, काळे होऊ द्यायचे नाहीत. गिरणीवरून बारीक दळून आणायचे. हे पीठ फार दिवस ठेवलं तर खवट लागतं, तेव्हा थोडंच दळावं.

सव्वा किलोची गावरान कोंबडी पाच-सहा माणसांना पुरते. गावाकडे पिसं काढून हळद चोळून जाळावर भाजतात आणि कातडीसकट तुकडे करतात. त्या धुराच्या वासाची मजा वेगळी. पण कोंबडीची बहुतेक चरबी कातडीखाली असते, तेव्हा हलकं हवं असेल तर कातडी काढायला सांगावं. तुकड्यांना हळद, मीठ आणि आलं-लसणाचा गोळा चोळून अर्धा तास ठेवावं. मोठ्या पातेल्यात एक कांदा उभा चिरून, आठ-दहा मिरे आणि तुकडे घालून तेलाशिवायच मंद आचेवर परतावं. कोंबडीला स्वतःचं पाणी सुटतं. ते आटत आलं की दोन लिटर गरम पाणी ओतून झाकण ठेवावं. वर येणारा फेस काढत राहावा. खळखळ उकळू देऊ नये, नाहीतर आळणी गढूळ होते. तास-सव्वा तासात तुकडा बोटाने सुटतो. बॉयलर असेल तर अर्ध्या तासात थांबावं आणि दाटपणासाठी पंजे, मान, पाठीची हाडं जास्त घालावीत. कुकरमध्ये करायचं तर गावरानाला पाच-सहा शिट्ट्या. तुकडे बाजूला काढून आळणी गाळून घ्यावी.

पिठाला दोन वाट्या हुलग्याचं पीठ आणि अर्धी वाटी कणीक. दहा-बारा लसूण पाकळ्या, चमचाभर जिरं, दोन हिरव्या मिरच्या यांचा ठेचा, मूठभर बारीक चिरलेली कोथिंबीर, थोडी हळद आणि बेताचं मीठ, कारण आळणीतही मीठ आहे. पाण्याऐवजी कोमट आळणीनेच पीठ मळावं, भाकरीच्या पिठाहून घट्ट. पंधरा मिनिटं झाकून ठेवलं की पीठ ओलावा शोषतं आणि वळी तुटत नाही. हाताला तेलाचं बोट लावून पोळपाटावर वळी करायची, पेन्सिलीपेक्षा जाड नको, आणि टोकं दाबून कडं करायचं. सगळी कडी ताटात पसरून ठेवायची, एकावर एक नाही. थोडं पीठ वेगळं काढून वाटीभर पाण्यात कालवून ठेवलं तर शेवटी रस्सा हवा तितका दाट करता येतो.

दुसऱ्या पातेल्यात चमचाभर तेलाची फोडणी: जिरं, ठेचलेला लसूण, हिंग. लसूण तांबूस झाला की आळणी ओतायची. ती खळखळ उकळायला लागली की आठ-दहा कडी सोडायची, उकळी पुन्हा वर आली की पुढची आठ-दहा. सगळी एकदम टाकली तर पाणी गार पडतं आणि कडी एकमेकांना चिकटतात. पहिली तीन-चार मिनिटं डाव लावायचा नाही. मग पातेलं नुसतं हलवायचं आणि अर्धवट झाकण ठेवून पंधरा-वीस मिनिटं शिजू द्यायचं. एक कडं मोडून बघावं. मधे कोरडी रेघ दिसली तर अजून पाच मिनिटं. शेवटी कोंबडीचे तुकडे घालून एक उकळी. वाढताना लिंबू, कच्चा कांदा, मुठीने फोडला तर उत्तम. भाकरी असली तरी चालते, नसली तरी अडत नाही.

एका कोंबडीत पाच-सहा माणसं जेवतात आणि एकाच्याही वाटणीला तेलाचा तवंग येत नाही. मांस थोडं, हुलगा पुष्कळ. हुलग्यात सुमारे 22 टक्के प्रथिनं असतात आणि स्निग्धांश अगदी कमी, त्यामुळे मांस कमी पडलं तरी पोषणात खोट येत नाही. बाकी हलकेपणा तंत्रातून येतो. दाटपणाचं काम पिठाने केलं की खोबऱ्याची, तेलाची गरज उरत नाही. ज्यांना मिरची सोसत नाही त्यांनी ठेच्यातली मिरची काढून मिरे दुप्पट करावेत. चर मिरचीच्या थराखाली जातो, एवढंच. चव पडत नाही.

या सगळ्यात आपल्या काळाचा वाटा फ्रिजचा. आळणी आदल्या दिवशी करून रात्रभर फ्रिजमध्ये ठेवली की चरबी वर पांढुरकी थिजते आणि चमच्याने सहज उचलता येते; खाली राहते ती गार होऊन जेलीसारखी घट्ट झालेली आळणी. कातडी काढायची हौस नसेल, जाळावर भाजल्याचा वास हवाच असेल, तर हा मार्ग बरा. जोर्व्याच्या शेतकऱ्याने हुलगा दिला, सह्याद्रीच्या रानाने आणि दूरच्या थायलंडने मिळून कोंबडी दिली, पोर्तुगिजांनी मिरची दिली, कालव्यांनी गहू दिला. आजवर प्रत्येक काळाने या पातेल्यात काही ना काही घातलं. घातलेलं इतक्या सहज काढून घेण्याचं साधन आपल्या काळाचं. काढलेली चरबी मात्र टाकू नये. तिच्या अर्ध्या चमच्यावर दुसऱ्या दिवशी कांदा परतून उरलेले शेंगोळे गरम करावेत. शिळे शेंगोळे ताज्यांहून चवीला सरस असतात, यावर गंगाथडीत दुमत नाही.